सूपभर कोंड्याला विकलेला फौजदार

हिंदी सिनेमातल्या फौजदाराला आपली खरी आई कोण हे शेवटच्या अर्ध्या तासात कळतंच. आधी तो निम्म्या गुंडांची हाडं मोडतो, मग कोणीतरी मरता मरता त्याला गुपित सांगतं, आणि तो टोपी काढून आईच्या पायाशी बसतो. माझा नातू असले सिनेमे ताट मांडीवर घेऊन बघतो. मी मधेच काही बोलले की म्हणतो, "आजी, तुला स्टोरी कळत नाय, टेन्शन नको घेऊस." मला स्टोरी चांगली कळते. महाराष्ट्र नुकताच झाला होता तेव्हा ती आमच्याच घरात घडली. सिनेमावाल्यांना मात्र ती चालली नसती, कारण तिच्यात कोणी कोणाच्या गळ्यात पडत नाही.

तेव्हा आमचं गाव, सारसोळे, म्हणजे खाडी, तिवरं, मिठागरं आणि कोळ्यांची घरं. आता जिथे सोसायट्यांच्या गाड्या उभ्या असतात तिथे आम्ही चिखलात निवट्या, म्हणजे बोटभर मासे, धरायचो. बाबा खाडीत मासेमारी करायचे आणि आई टोपली घेऊन तुर्भ्यापर्यंत विकायला जायची. मी त्यांची एकुलती एक मुलगी, सतरा-अठरा वर्षांची, नाकावर राग आणि जीभ तिखट. माझं लग्न ठरलं होतं. आमच्यात लग्न म्हटलं की हळदीला दारू लागते. पहिला थेंब देवाला, दुसरा पितरांना, मग पाहुण्यांना. सरकारनं दारूबंदी केली, पण आमच्या देवाला ते कोणी कळवलं नव्हतं. तेव्हा प्रत्येक मुलीच्या बापानं तिवरांत जाऊन हातभट्टी लावायची, हे गावात ठरल्यासारखंच होतं. माझ्या बाबांनीही लावली.

त्यांना पकडलं ते भर दुपारी, ओहोटीला. मी बांधावरच होते, म्हणून सगळं माझ्या डोळ्यांनी बघितलं. चौकीवर नवीन फौजदार आला होता, जेमतेम पंचविशीचा. त्यानं तिवरांतून निघणारा धूर पाहिला आणि हवालदाराला मागे टाकून बुटांसकट चिखलात उडी मारली. खाडीचा चिखल वरून वाळलेला दिसतो आणि आतून माणूस गिळतो. दोन पावलांत तो गुडघ्यापर्यंत रुतला, धडपडला तसा मांड्यांपर्यंत गेला. तेवढ्यात भरती लागली. हवालदार बांधावरून नुसता ओरडत होता. बाबा तोवर पलीकडच्या काठाला पोचले होते. दहा पावलं टाकली असती तर तिवरांत दिसेनासे झाले असते.

ते परत फिरले. चिखलात बसून सरकायची फळी घेऊन आले, तिच्यावर पोटावर आडवे झाले आणि त्या पोराला काखेत धरून ओढून काढला. एक बूट आतच राहिला. फौजदार बांधावर बसून बराच वेळ धापा टाकत होता. मग म्हणाला, "तुमचे उपकार मी जन्मात विसरणार नाही. पण भट्टी कोणाची?"

"माजीच," बाबा म्हणाले.

"मग चला."

सिनेमात रक्त रक्ताला ओळखतं. आमच्याकडे काही ओळखलं नाही. खाडीचं रक्त अंगात असूनही त्याला चिखलात दोन पावलं धड टाकता आली नाहीत, आणि बाबांनी त्याला ओढला तो कोणाचाही पोर ओढला असता तसाच. मी मात्र त्या दिवशी त्याला मनसोक्त शिव्या दिल्या. ज्यानं जीव वाचवला त्यालाच बेड्या घालतो, असला कसला कायदा, असं मी बांधावरून ओरडून विचारलं. त्यानं माझ्याकडे बघितलंही नाही.

दुसऱ्या दिवशी आई भाकरी आणि कोळंबीचं कालवण बांधून चौकीवर गेली. दुपार कलली तरी आली नाही. आली तेव्हा टोपली तशीच डोक्यावर, आणि चेहरा असा की मला वाटलं बाबांना मारलं. तिनं टोपली उतरवली, ओट्यावर बसली आणि म्हणाली, "तो आपला हाय."

"कोन आपला?"

"फौजदार. माजा पोर हाय तो. तुजा भाऊस."

उन्हानं डोकं फिरलं असेल म्हणून मी तिला पाणी दिलं. ते ती प्यायली आणि मग तिनं मला सगळं सांगितलं. तोवर मला एवढंच ठाऊक होतं की माझ्याआधी तिची तीन मुलं बाळंतिणीच्या खोलीतच गेली. चौथ्याचं कोणी कधी बोललं नव्हतं.

मुलं जगत नसली की आमच्याकडे पुढचं मूल विकायचे. नावापुरतंच. सटवाईला फसवायचं, की हे या बाईचं नाहीच. चौथा मुलगा झाला तेव्हा पाचवीच्या दिवशी आजीनं त्याला सुपात घालून उकिरड्यावर ठेवला. घेणारी बाई आधीच ठरलेली असते. मिठाच्या नाक्यावर तेव्हा देशावरचा एक जमादार होता. त्याच्या बायकोला मूल नव्हतं, आणि ती आईच्या ओट्यावर येऊन बसायची. तीच आली. तिनं रीतीप्रमाणे विचारलं, "हे कोणाचं?" आई म्हणाली, "माजा नाय. टाकलेला हाय." मग त्या बाईनं सूपभर कोंडा दिला आणि मूल उचललं. पोराची उजवी नाकपुडी टोचली. त्या दिवसापासून पोर त्या बाईच्या घरी, आणि आईनं त्याला दूध पाजायचं, पण दुसऱ्याचं म्हणून. पोर पाच वर्षांचं झालं की घेणारीनं आपल्या हातानं परत आणून द्यायचं आणि म्हणायचं, "घे, तुझं तुला." तोवर आईनं त्याला आपलं म्हणायचं नाही. म्हटलं की सटवाई ऐकते.

मूल वर्षाचं झालं आणि जमादाराची बदली आली. ती बाई त्याला कडेवर घेऊन आईकडे आली. म्हणाली, "मी आणून देईन हं वेळेवर." आई काय बोलणार? माझं आहे, ठेवून जा, असं म्हणायची सोयच नव्हती. चार बायका आजूबाजूला उभ्या होत्या, आणि तिला पुन्हा तेच म्हणावं लागलं, की माझा नाही. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात तो हाच. वर्षं गेली, कोणी आलं नाही. बाबा शोधायला पनवेलपर्यंत गेले, तिथे कळलं की जमादार कुठे खाली कर्नाटकाकडे गेला. गोऱ्यांच्या राज्यात सरकारी माणसाच्या मागे कोळ्यानं किती धावायचं? मग मी झाले आणि कशी कोण जाणे, जगले. त्याचं नाव घरात कोणी काढलं नाही.

चौकीवर हवालदार आईशी सहज बोलत बसला होता. म्हणाला, "आमच्या साहेबांचे वडील एकेकाळी याच खाडीवर होते, मिठाच्या नाक्याला जमादार. ते गेले. साहेबांची आई साताऱ्याकडे असते, आजारी आहे." तेवढ्यात फौजदार बाहेर आला. आई जमिनीवर बसली होती आणि तो डबा तपासायला खाली वाकला. त्याच्या उजव्या नाकपुडीवर बुजलेलं भोक तिला अगदी जवळून दिसलं. त्यानं तिला विचारलं, "कालवण तिखट आहे का हो?"

मी उठलेच. म्हटलं, चल आत्ताच्या आत्ता, सांगू त्याला. बाबा सुटतील. आईनं माझं मनगट असं धरलं की बांगडी फुटली.

"ती बाई परत देईल तवाच तो माजा. तिच्या हातानं, तिच्या तोंडानं. त्याच्या आधी मी माजा म्हनला तर तो जाईल."

"आये, पंचवीस वर्सा झाली. मोठा फौजदार झालाय तो."

"सटवाईला वर्साचा हिशोब नसतो."

मी खूप भांडले. म्हटलं, तुझी सटवाई खाडीत बुडव. म्हटलं, मला कुठे विकलं होतंस, मग मी कशी जगले? मग आईनं आपला बेत सांगितला, आणि तो ऐकून माझा राग जरा निवला. बाबा सुटले की दोघं साताऱ्याकडे जाणार. त्या बाईचे पाय धरणार आणि म्हणणार, बाई, वेळ झाली, दे आता. ती देईल. तिला यायला जमलं नाही तर तिथेच, तिच्या अंथरुणापाशी, ती पोराचा हात आईच्या हातात देईल. एवढंच हवं होतं. बाई जिवंत होती आणि तिचा ठावठिकाणा लागला होता, यातच आईला सगळं मिळाल्यासारखं वाटत होतं. तिनं माझ्या डोक्यावर हात ठेवून शपथ घातली, की तोवर तोंड उघडायचं नाही. तुझ्या पोटच्या पोरांची आण, म्हणाली. मला अजून नवरा नीट दिसला नव्हता, आणि पोटची पोरं गहाण पडली.

बाबांना तिनं ठाण्याच्या कोर्टाच्या आवारात सांगितलं, बिडी देण्याच्या निमित्तानं. मी दोघांपासून हातभर अंतरावर होते. बाबांनी बिडी पेटवली नाही. नुसती बोटांत धरून त्यांनी समोर पाहिलं, जिथे तो कडक इस्त्रीत, कागदांची पिशवी सांभाळत उभा होता. वकिलानं बाबांना पढवून ठेवलं होतं की भट्टी माझी नव्हे म्हणायचं, साक्षीदार फक्त दोन, सुटाल. आत गेल्यावर बाबांनी विचारण्याआधीच सांगितलं, "कबूल हाय. भट्टी माजी." वकिलानं कपाळाला हात लावला. बाबा नंतर मला म्हणाले, "त्याची पयलीच केस व्हती. खोटा पाडू त्याला?" फौजदारानं साक्षीत आपण होऊन सांगितलं की या माणसानं माझा जीव वाचवला. मॅजिस्ट्रेटनं ते ऐकून घेतलं आणि तीन महिने दिले. बापाला आत घालून पोरगा खाली मान घालून बाहेर आला, आणि बापाला त्याच्याबद्दल वाईट वाटत होतं.

माझं लग्न पुढे ढकललं. आई तुर्भ्याला जाता-येता चौकीवरून जायची. रस्ता तो नव्हता, पण जायची. हवालदाराला स्वस्तात चिंबोऱ्या द्यायची आणि साहेबांच्या आईची तब्येत विचारायची. तो म्हणायचा, "बरं आहे आता म्हणे." ते ऐकून आई घरी येऊन दोन घास जास्त खायची.

बाबा सुटायला थोडेच दिवस उरले होते. एका सकाळी फौजदार आमच्या दारात आला. अंगावर वर्दी नव्हती, साधा सदरा होता, आणि डोक्याचा गोटा केलेला होता. मी जाळं नीट करत बसले होते. त्याचं डोकं बघितलं आणि मला कळलं. आईलाही कळलं असणार. पण माणसाला खात्री करून घ्यावी लागते.

"आई कशी हाय तुमची?" तिनं विचारलं.

"गेली," तो म्हणाला. "पंधरा दिवस झाले."

आई दाराच्या चौकटीला धरून खाली बसली. परत देणारा हातच गेला होता. त्याला वाटलं, साध्या माणसाचा जीव हळवा असतो. तो ओट्याच्या कडेला टेकला. म्हणाला, "तुमच्या माणसानं मला वाचवलं आणि मी त्याला आत टाकलं. खरं तर तुमच्या दारात यायला तोंड नाही. पण या गावात मी दुसऱ्या कोणाला ओळखत नाही. आई जाताना मला एक सांगून गेली. म्हणाली, तू माझ्या पोटचा नाहीस. मी तुला त्या खाडीवर एका कोळणीकडून सूपभर कोंड्याला घेतला. परत द्यायचा होता, माझ्यानं देववला नाही. ती माफी मागायला सांगून गेली. कोणाकडे मागू? तुम्ही इथल्या जुन्या. ती बाई कोण?"

तो हे सगळं माझ्या आईला विचारत होता. दोघांत एका माणसाच्या बसण्याएवढंच अंतर होतं. मी सुई टाकली आणि तोंड उघडलं. "आये..." एवढंच म्हणाले. आई माझ्याकडे न बघता म्हणाली, "सायबाला पानी आन."

मी आत गेले नाही. दारातच उभी राहिले.

"ती बाई मेली," आई म्हणाली.

त्यानं मान खाली घातली. मग विचारलं, "कधी?"

"तुमाला नेला, त्याच्या फुडच्याच सालाला. तापानं."

"आणि वडील?"

इथे आई अडली. स्वतःला तिनं एका श्वासात मारलं होतं, पण नवऱ्याला तोंडानं मारायची तिची छाती झाली नाही. म्हणाली, "तो परमुलखात गेला. आला नाय."

"भाऊ, बहीण?"

"कोन नाय."

त्याच्यापासून चार हातांवर मी उभी होते. माझं नाक त्याच्यासारखंच होतं की नव्हतं, देव जाणे, त्यानं बघितलं नाही. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, अशी माझी गत. शपथ झुगारून बोलले असते तरी त्यानं काय ऐकलं असतं? तुरुंगात बसलेल्या दारूवाल्याची मुलगी म्हणते, मी तुमची बहीण. हवालदारसुद्धा हसला असता. आणि खरं सांगू, सटवाईवर माझा तेव्हाही विश्वास नव्हता, आजही नाही. पण समोर बसलेला तो बोडका, दमलेला पोर खरंच मेला तर, हा विचार माझ्याही मनात येऊन गेलाच. भीतीला विश्वास लागत नाही.

त्यानं विचारलं, "तिला जाळलं कुठे?"

आई उठली आणि पुढे चालायला लागली. तो मागे, आणि मी त्याच्या मागे. खाडीच्या काठी आमचं मसण होतं. आईनं हातानंच एक जागा दाखवली. भरतीचं पाणी काठाला लागलेलं होतं. त्यानं चपला काढल्या, धोतर नव्हतं म्हणून पँट गुडघ्यापर्यंत दुमडली आणि पाण्यात उतरला. आई पटकन म्हणाली, "फुडे जाऊ नका, रुताल." तो थांबला, ओंजळीत पाणी घेतलं आणि वळून विचारलं, "नाव काय होतं तिचं?"

लग्नात आमच्याकडे बाईचं नाव बदलतात. आईचं माहेरचं नाव गावात कोणाला ठाऊक नव्हतं. मामा तेवढा कधीतरी त्या नावानं हाक मारायचा. आईनं तेच नाव सांगितलं.

त्यानं ते नाव मोठ्यानं घेतलं आणि पाणी सोडलं. पुन्हा घेतलं, पुन्हा सोडलं. तिसऱ्यांदा त्याचा आवाज फुटला. माझी आई त्याच्या पाठीमागे दोन हातांवर उभी होती, पदर दातांत धरून. लग्नानंतर तिला त्या नावानं हाक मारणारा तो दुसराच माणूस, आणि तो ती मेली म्हणून हाक मारत होता. मला तेव्हा आईचा राग आला, त्या मेलेल्या बाईचा आला, देवीचा आला, आणि एकाचंही काही वाकडं करता येईना म्हणून मी काठावरचे शंख उचलून पाण्यात भिरकावत राहिले.

बाहेर येऊन त्यानं आईला हात जोडले. म्हणाला, "माझी कुठे बदली होईल सांगता येत नाही. नवरा असताना गेली म्हणजे तिचं पान अविधवा नवमीला. माझ्याकडून चुकलं तर तुम्ही ठेवाल का? तुम्ही तिला ओळखत होता."

"ठेवीन," आई म्हणाली.

वर्षाच्या आत त्याची बदली झाली. कुठे झाली ते आम्ही विचारलं नाही. विचारायचं नातं लावता येत नव्हतं. बाबा सुटून आले तेव्हा आईनं त्यांना सांगितलं आणि ते दोन दिवस खाडीत गेले नाहीत. मग माझं लग्न झालं, पाहुण्यांना चहा पाजून.

आईनं दिलेला शब्द पाळला. दरवर्षी पितृपक्षात, नवमीला, ती आंघोळ करून भात, वडे, भाजी करायची, केळीच्या पानावर वाढायची आणि आपल्याच माहेरच्या नावानं ते पान मागच्या अंगणात ठेवायची. कपाळभर कुंकू, हातभर हिरव्या बांगड्या, नवरा ओट्यावर बसलेला, आणि ही स्वतःच्या पानाकडे बघत उपाशी. कावळा शिवल्याशिवाय घास घ्यायची नाही. मी माहेरी असले की मीही बसायची. कावळे भिंतीवर यायचे, माना वाकड्या करायचे आणि उडून जायचे. दुपार व्हायची. एका वर्षी बाबांना राहवलं नाही. ओट्यावरून म्हणाले, "अगो, जित्या मानसाच्या पानाला कावला कसा शिवंल?"

"हलू बोला," आई म्हणाली. "त्याला अजून जगायचं हाय."